पाटीचं तिकीट

हर्णैहून सात दहाची दापोली.
शेवटून दुसरी सीट, डावीकडची,
आणि मधल्या वाटेत चांगुणा पावसेंची पाटी:
वर ओलं गोणपाट, खाली बर्फाचा चुरा,
त्याखाली बांगडे, थोडे ढोमे, एखादं म्हाकूल.

मी पार पुढे, ड्रायव्हरच्या जाळीला पाठ टेकून उभा.
नियम माझेच.
विचारायचं नाही,
पुन्हा करून दाखवायला सांगायचं नाही,
ती जिथं बघेल तिथं आपण नसायचं.

पहिल्या दिवशी ती नवं लुगडं नेसून आली.
दुसऱ्या दिवशी अबोलीची वेणी.
तिसऱ्या दिवशी कंटाळून तिनं मला सोडून दिलं
आणि सिनेमा सुरू झाला.

खांबे कंडक्टर दोन तिकिटं काढतो,
तिचं अर्धं, पाटीचं पूर्ण.
सरकारनं बायकांना हाफ केलंय, माशांना नाही,
हा त्याचा रोजचा विनोद
आणि ती रोज हसते, सुट्टे मोजत.

आसूदच्या वळणावर पाटी सरकते.
ती न बघता पायाच्या अंगठ्यानं अडवते.
हे मी अकरा वेळा टिपलंय.
तिथंच कॉलेजच्या पोरी चढतात, खिडक्या सरकवतात,
मागच्या चार सीटा सोडून पुढं दाटीनं उभ्या राहतात.
हेही टिपलंय.
एक बाई, भोवती रिकामं हिरवं रेक्झिन.
वहीत मी लिहिलं होतं: एकटेपण.

तेराव्या दिवशी, गिम्हवण्याच्या अलीकडे,
तिनं सरळ लेन्समध्ये बघितलं.
"पोरींचं सोड, त्यांच्या कपड्यांना वास लागंल,
दिवसभर वर्गात बसायचं असतं.
तू रं? तू कशाला तिकडं उभा?"

मी म्हणालो, फ्रेमसाठी.
पंच्याऐंशीची लेन्स आहे, एवढं अंतर लागतंच.

"हां," ती म्हणाली. "अंतर."
आणि गोणपाटावर पाणी शिंपडलं.

चौदाव्या दिवशी शेजारी बसलो.
त्या दिवसाचं फुटेज वीस मिनिटं:
माझाच गुडघा, पाटीची कड, बुटावर ठिबकणारं पाणी,
तिच्या मनगटाला चिकटलेलं एक खवलं
जे चढणीला, उन्हात, एकदाच चमकतं.
फोकस नाही.
गिअरच्या घरघरीत ती भाचीच्या लग्नाचं सांगतेय,
नवरा मुलगा बोटीवर खलाशी, पण पोहता येत नाही म्हणे,
आणि मी वेड्यासारखा "हं, हं" करतोय.

एडिटर म्हणाली, हे काढूया.
पुण्यातली खोली, एसी, बंद काचा.
कॅमेऱ्याच्या बॅगेचा पट्टा मी तीनदा धुतलाय.
बोलता बोलता ती उठली,
अगदी सहज, कपाळाला आठीसुद्धा न घालता,
खिडकी उघडली
आणि खुर्ची जराशी पलीकडे ओढून बसली.

मी काही बोललो नाही.
पडद्यावर आसूदचं वळण येत होतं.
टेबलाखाली माझा अंगठा
आपोआप पुढे झाला.