अकरा सेंटिमीटर

सातव्या नळीत फीत सोडली.
चुनखडीतून खाली, आणखी खाली.
पाण्याला टेकली की ती चिवचिवते,
एवढंच तिचं काम. माझंही.

मागच्या जूनपेक्षा अकरा सेंटिमीटर खाली.
वहीत लिहिलं. पुन्हा सोडली. पुन्हा अकरा.

लॉकपोर्टच्या या गवतात
पाणी दिसत नाही, बुटात शिरल्यावर कळतं.
अलीकडे मालगाडीचे रूळ, पलीकडे खाण,
आणि खाणीचा पंप, ज्याचा आवाज
इथल्या कुणाला आता ऐकूच येत नाही.

अ‍ॅग्नेस स्टुकेल म्हणते, हळू,
पाय टाकशील तिथे कुणाचं तरी घर आहे.
तीस वर्षं तिने त्याच खाणीत डंपर चालवला;
आता गुडघ्यांवर बसून चिखलातली बिळं मोजते.
बिळं झिंग्याची. नांगीवाला, तापट.
तळाशी गारेगार पाणी, आणि त्या पाण्यात
चतुराचं पोर, पोटभाडेकरू.
वर दुष्काळ पडला, बर्फ पडलं, की खाली उतरायचं,
घरमालकाच्या मिशांखाली गप्प बसायचं.
त्याला भूक लागली
तर भाड्यापोटी स्वतःच जायचं.
अशी चार वर्षं, कधी पाच.
मग एका सकाळी गवताच्या पात्यावर चढून
पाठ उसवायची, कात तिथेच सोडायची,
आणि पाचूचे डोळे घेऊन
जेमतेम महिनाभर आभाळ.

"चतुर?" तिने शब्द तोंडात घोळवला. "म्हणजे काय?"
"हुशार."
"पाच वर्षं बिळात काढणारा?" ती खो-खो हसली.
मी सांगितलं नाही
की आम्ही त्याच्या शेपटीला दोरा बांधायचो,
आणि जोरात ओढला तर
शेपटी दोऱ्यालाच राहायची.

तिने एका बिळात काडी घातली.
गेल्या वर्षी इथे नऊ सेंटिमीटर ओली निघाली होती.
आज कोरडी. टोकाला थोडी माती.
झिंगा आणखी खणेल, मी म्हटलं.
"खाली खडक आहे," ती म्हणाली,
"मला विचार. मी तो वाहिलाय."

अहवाल खाणीनेच मागवलाय.
एक वाक्य त्यांनी आधीच टाइप करून पाठवलंय,
खाली माझं नाव, पदवी, सहीसाठी रेघ.
इंग्रजीत त्यातला नकार पहिल्याच शब्दाला येतो,
विचार करायला जागा ठेवत नाही.
गाडीत बसून, ओले मोजे काढून,
मी ते आपल्या भाषेत वाचत जाते,
जिथे 'नाही' अगदी शेवटी असतो:

उपशाचा लक्षणीय परिणाम आढळला

आणि पेनाचं टोपण लावते.