उणे पाच सप्तमांश

इथे शून्य डोक्यावरून वाहतं.
बांधापलीकडे, उंचावर, कालव्याचं पाणी,
आणि माणसं, गाई, कोबी, चर्चची घंटा
सगळी शून्याखाली.

वोब्बेचं शेत कालव्यापासून दोन तृतीयांश हात खाली.
त्याच्या खांबावर तिसऱ्या हिश्श्यांच्या खुणा,
कारण त्याच्या बापाने हात तिनात तोडला होता.
आफकेचं शेत त्याहून आणखी पाऊण हात खाली.
तिच्या खांबावर खुणा पावापावाच्या.
खाली राहणाऱ्याला खुणा जास्त लागतात, ती म्हणते.

पाणमंडळाचा कारकून लीफर्ट.
अक्षर सुरेख, कॉलर कडक.
आफकेचं शेत एकूण किती खाली?
त्याने वरचं वरच्यात मिळवलं, खालचं खालच्यात:
उणे पाच सप्तमांश.
सातांच्या खुणा असलेला खांब
अख्ख्या परगण्यात नव्हता.
पण उत्तर दोघांच्या अधेमधे पडलं,
आणि अधेमधे पडलेल्या उत्तराशी
कोणी सहसा भांडत नाही.

त्याच आकड्यावर पवनचक्की बांधली.
पाती फिरली, पाणी अर्ध्या वाटेपर्यंत चढलं,
थबकलं, आणि आल्या वाटेने परत.
आफकेच्या गोठ्यात गुडघाभर ऑक्टोबर.

मग यिल्दाऊ, आफकेची अकरा वर्षांची पोर,
पाटावर उकिडवी बसली, हातभर काठी आणि सुरी घेऊन.
"पाव आणि तिसरा हिस्सा
एकमेकांशी बोलतच नाहीत, आई.
दोघांना आधी एकाच मापाने कापायला हवं."
बारा खाचा.
पाऊणचे झाले नऊ, दोन तृतीयांशाचे आठ.
कुणाची खोली तसूभर हलली नाही,
नाव तेवढं बदललं.
उणे आठ, त्यात उणे नऊ.
काठी बारावर संपली.
उरलेल्या पाचांसाठी दुसरी आणावी लागली.

लीफर्टने चष्मा पुसला. पुन्हा पुसला.
"उण्यात उणं मिळवलं की आणखी कमी होतं?"
"होतं ना," पोर म्हणाली,
"म्हणून तर गोठा बुडाला."

आता दोन चक्क्या आहेत, पायरीपायरीने.
आफकेची चक्की पाणी पाऊण हात चढवते,
म्हणजे सतरा बाराव्या उण्यांतून
नऊ उणी काढून घेते.
उणं काढून घेणं म्हणजे देणंच की.
ज्याचं ऋण कुणी माफ केलंय
त्याला विचारा.
उरतात उणे आठ,
आणि तिथे वोब्बेचं दार लागतं.
पुढचं तो बघतो,
अर्धवट झोपेत, शीळ घालत.

खाचांच्या काठीने हल्ली
वासराचं दूध ढवळतात.
वहीतला जुना आकडा मात्र
लीफर्टने खोडला नाही.
कधीमधी ते पान उघडतो,
बराच वेळ बघत बसतो.
दिसायला नीट होता हो, म्हणतो.