विसर्जन

शाळेच्या मैदानात लग्नाचा मंडप,
म्हणून यंदा हर्णैच्या वाळूवर.
सुकती साडेनऊला,
रज्जाक मुकादमने कालच दालद्यांकडे विचारलेलं.
ओली वाळू बरी, म्हणाला, गुडघ्याला सोसते.

मी दरवर्षीसारखा चुन्याची बादली घेऊन.
पहिल्या साली एकोणचाळीस जणांची रेघ मारली होती.
आज पाच.
हात सवयीने पुढे गेला,
जादा रेघ पायाने पुसली.

भिकाजी पाष्टेची मेडलं उजव्या छातीवर.
सुनेने लावली, आरशात त्याला बरोबर वाटली.
कुणी बोललं नाही.

‘तेज चल!’ सुभेदार साळवी ओरडले.
तेज कसलं,
सुरूच्या बनापासून उलथ्या होडीपर्यंत
किटलीतला चहा निवला.

थम. सावधान. सलामी.
मग एकच हुकूम उरला.
साळवींनी तोंड उघडलं,
समोर पाणी बघितलं,
आपण गणपती नेतो तीच जागा,
आणि तोंड मिटलं.

पाचही जण तसेच.
भरती लागली,
रज्जाकचे कॅनव्हासचे बूट भिजले.
शेवटी भिकाजी कुजबुजला,
‘सायब, लागलीय जोराची.’

रांग हसत हसत मोडली.
हुकूम अजून दिलेला नाही.