कोळवंभर मिरं

शिळेच्या सहाव्या ओळीत तेल आहे.
सातवीत तांदूळ, तूप,
आणि देवीच्या रांधणघराला
दर संक्रांतीला एक कोळग मिरं.
आठवी ओळ नाही.
नदीकाठी आडवी पडली होती शिळा,
पिढ्यान्‌पिढ्या धुणं आपटलं तिच्यावर,
आठवी ओळ पाण्याबरोबर गेली.
तिथं रांधणाऱ्याचं नाव असावं, असं मला वाटतं.
सर म्हणतात, वाटणं हा पुरावा नव्हे.

मी ओला कागद दगडावर बसवतो,
शाईचा बोळा थोपटत राहतो,
आणि दोन वाजता गंगावेशीत
बायाक्काच्या खानावळीत जेवतो.

त्या दिवशी वाटीत तांबडा ओतताना
मी बोलून गेलो:
त्या काळी मिरची नव्हती, बायाक्का.
समुद्रापलीकडनं आली ती, फार नंतर.
पळी थांबली.
"कोल्हापुरात?"
कोल्हापुरात.
"मग मान्सं भांडत कशावर हुती?"

शेंगदाणाही नव्हता, म्हटलं. तिनं डबा उतरवला.
टोमॅटो. बटाटा. मका.
ती एकेक खाली ठेवत गेली
आणि फळीवरच्या तेलकट धुळीत
नुसती गोल वर्तुळं उरली.
"म्हंजे तुझ्या राजाचं
निम्मं दुकान बंदच की."
वर्तुळांकडं बघत राहिली जरा.
"उद्या ये. बघतो करून."

दुसऱ्या दिवशी मिक्सरवर फडकं होतं.
"त्यास्नी कुठं हुता?"
परसातला पाटा घासून आत आणलेला,
त्यावर मिरं, सुंठ, काष्ठौषधीवाल्याकडची पिंपळी,
तिरफळाची साल, बी काढून,
भाजलेले तीळ, काळपट होईतो परतलेलं खोबरं.
धने तिनं न विचारता घातले.
मी काही बोललो नाही.
मटण चुलीवर. गॅसबद्दल मी काहीच म्हटलं नव्हतं.

रंग आला उसाच्या रानातल्या मातीचा,
पाणी पाजल्यानंतरच्या.
तर्री नाही.
निवास पैलवान तालमीतनं थेट आलेला,
त्यानं वाटीत डोकावलं,
"मावशी, रस्सा आजारी हाय काय?"
एक भुरका मारला, हसला.
दुसरा मारला.
तिसऱ्याला हसू थांबलं,
कान लाल झाले, चिरगुटलेले कान,
कपाळावर घाम, आणि तो बोटानं
स्वतःच्या गळ्याखाली खूण करत राहिला,
इथं, इथं लागतंय,
जिभंवर न्हाई.

बायाक्का पदरानं हात पुसत उभी.
तिनं स्वतः चाखलं सगळ्यात शेवटी.
मिरची दारावर धडका मारती, म्हणाली,
ह्ये माजघरात येऊन बसतंय
आन मग बोलाय लागतंय.

मिरं किती लागलं, मी विचारलं, वही काढून.
तिनं फळीवरनं पितळेचं माप काढलं,
काठ चेपलेला, तळ काळा.
"लई न्हाई. सगळ्या पातेल्याला कोळवंभर."

मी माप हातात धरून राहिलो.
कोळग. कोळवं.
सर विचारतील, मधली आठशे वर्षं कुठं आहेत.
माझ्या हातात एक जड, थंड, चेपलेलं भांडं होतं
आणि त्याला मिऱ्याचा वास येत होता.

मग मी तिला ती ओळ सांगितली, गेलेली.
तेल, तांदूळ, तूप, मिरं,
आणि पुढं कोरा दगड.
"मीठ लिवलंय का?"
नाही. मीठ कुठंच नाही.
"मग त्येच असंल की आठव्या ओळीत."
ती पाटा धुवायला वाकली.
"नदीत पडल्यावं
दुसरं काय इरघळतं, खुळ्या?"

वहीत मी लिहिलं:
ओळ आठ, अवाचनीय.
आणि खाली, पेन्सिलीनं,
सर खोडू शकतील इतक्या हलक्या हातानं:
मीठ.