मंगळवारी बंद

मंगळवारी लेणी बंद,
म्हणून आमचं ठरवाठरवीचं काम मंगळवारचं.
जेवणं उरकली की हे सतरंजीवर नकाशा पसरतात;
एका कोपऱ्यावर अडकित्ता, एकावर तांब्या,
उरलेल्या दोन कोपऱ्यांवर माझे गुडघे.

फ्लॉरेन्स.
मी त्याला फुलंब्रीच म्हणते.
फुलंब्रीला कधी निघायचं, फुलंब्रीत थंडी किती,
शेजारची सरूबाई ऐकते आणि म्हणते,
फुलंब्रीला जायला एवढं काय गं, तासाभराचा रस्ता.

पैशाचं असं:
माझे अंगणवाडीचे एकरकमी,
यांच्या टिपांचा डबा,
आणि पेरूच्या बागेतला दिरानं शेवटी दिलेला वाटा.
डब्यात तेहतीस वर्षांची नाणी निघाली,
त्यातली निम्मी कुठल्या देशाची ते यांनाही सांगता येईना,
काही देशांनी तर ती केव्हाच बंद केलेली.

पासपोर्टाला नाव अडलं.
आधारवर कौशल्या, शाळेच्या दाखल्यावर कौसाबाई.
चौकशीला पोलीस आला तो माझाच बालाजी,
ताटातली खिचडी रोज खिशात भरणारा.
कागद बघितले, चहा प्याला,
आणि जाता जाता हळूच विचारलं,
बाई, परत येणार ना?

तिथल्या घुमटाला चारशे त्रेसष्ट पायऱ्या.
यांचा डावा गुडघा दौलताबादच्या अर्ध्यातच बोलायला लागतो.
पायऱ्यांवर फुली मारली, मग खोडली,
मग तिच्यापुढं प्रश्नचिन्ह काढलं.
चित्रांची घरं सोमवारी बंद.
म्हणलं, म्हणजे त्यांचा मंगळवार सोमवारी येतो.
हे हसले नाहीत. लिहून घेतलं.

मग एका मंगळवारी मी सहज विचारलं,
पहिल्यांदा काय बघायचं तुम्हाला?
मला वाटलं पूल म्हणतील, नाहीतर तो उघडा पुतळा.
बराच वेळ सुपारी कातरत राहिले.
मग म्हणाले,
मला तिथं कुणाच्या तरी मागं उभं राहायचंय.
तेहतीस वर्षं मी कैलासाकडं पाठ करून बोललो,
तोंड कायम पाहुण्यांकडं.
रावण पर्वत हलवतो ते मी
त्यांच्या चेहऱ्यावरच बघितलंय जास्त.

नकाशा त्या रात्री तसाच पडून राहिला.
सकाळी पाहिलं तर
तांब्याचं पाणी झिरपून नदी रुंद झालेली.

बुधवारी आम्ही दोन तिकिटं काढली.
गेटवरचा पोरगा म्हणाला, काका, तुम्हाला कशाला?
फाड, म्हणाले, आज पाहुणा आहे.

सोळा नंबरला गर्दी नव्हती,
शाळेची एक सहल, डबे उघडायच्या घाईत.
मी पाठ केली दगडाकडं आणि तोंड यांच्याकडं,
पदर खोचला, हात वर केला,
लेडीज अँड जंटलमन,
आणि पुढचं काही येईना.
वरून खाली खोदत आणलं एवढंच माहीत होतं,
तेही यांच्याकडूनच ऐकलेलं.

यांनी काही विचारलंच नाही.
माझ्या खांद्यावरून वर बघत राहिले.
टोपी हातात,
तोंड जरासं उघडं,
मानेची शीर ताणलेली,
आणि डोळ्यांत, एवढ्याशा जागेत,
काहीतरी मोठं हललं.
मागं वळून बघावं असं मला वाटलं.
वळले नाही.
माझ्यापुरतं तिथंच दिसत होतं.

तारीख अजून ठरली नाही.
व्हिसाच्या फोटोत माझे कान दिसत नाहीत म्हणून फोटो परत काढायचाय.
शेंगदाण्याची चटणी हातातल्या पिशवीत चालते का विचारायचंय.
धपाटे चार दिवस टिकतात, हॉटेल सहा दिवसांचं.

आणि तिथं गाईड लावायचा की नाही,
यावर रोज भांडण आहे.
हे म्हणतात, कशाला, मला सगळं पाठ आहे.
मी म्हणते, लावायचा.
बोलू दे त्याला, तुम्ही गप उभे राहा.
टीप मी देणार आहे.