फुटाला एक सूत

बिडाचं ओतकाम थंड होताना आटतं,
म्हणून आम्हा पॅटर्नवाल्यांची पट्टी
मुळातच जरा लांब असते.
बिडाला फुटामागं एक सूत, पोलादाला दोन.
उद्यमनगरात बत्तीस वर्षं
मी सागवानाला हे खोटं माप शिकवतोय,
खरी वस्तू निघावी म्हणून.

त्यामुळं नोटीस आली तेव्हा वाटलं,
यांचीही पट्टी तसलीच असेल.
आटेल पुढं.

साडेतीन गुंठे, दुधाळीच्या मागं, एक पत्र्याची शेड.
अण्णा मगदूम म्हणाले होते,
‘पाणी येतंय बरं का हिंदुराव, लपवून विकणार न्हाई.’
दाराच्या चौकटीवर गाळाची रेघ होती,
माझ्या कानाला लागेल एवढी उंच.
त्या रेघेपायी त्यांनी भाव उतरवला,
रेघेसकट मी घेतली.
दस्तात सगळं आलं, चतुःसीमा, झाडं, विहीर नसल्याचं.
रेघ तेवढी राहिली.

तीन वर्षांनी मुद्रांक जिल्हाधिकाऱ्यांच्या सहीनं कळलं
की माझी जागा अठरा मीटर रस्त्याला लागून आहे.
दर्शनी बाजू. वाणिज्य वापर.
कमी पडलेलं शुल्क तीन लाख बारा हजार,
वर दंड, महिन्याला दोन टक्के,
दस्ताच्या तारखेपासून.
रात्री बायकोला म्हटलं,
‘आपण रस्त्यावर आलो.’
ती म्हणाली, ‘कुठल्या?’

रस्ता नकाशात आहे.
जमिनीवर त्या जागी
सर्जेराव गवळ्याच्या अकरा म्हशी बांधलेल्या असतात.

पुण्याला अपील. तीन हेलपाटे.
चौथ्यांदा साहेब रजेवर.
मग जप्तीची यादी करायला दोघं आले:
लेथ एक, बँडसॉ एक, लाकडी नमुने नग चाळीस.
‘नमुने गिऱ्हाइकांचे आहेत,’ म्हटलं.
त्यांनी ‘गिऱ्हाइकांचे’ लिहून घेतलं नाही.

चौकटीचा तो तुकडा मी करवतीनं कापला
आणि पेपरात गुंडाळून चौगुले वकीणबाईंकडं नेला.
‘लाकूड निशाणी म्हणून कुठं लावू, हिंदुराव?
फोटो आणा.’
फोटोत रेघ चहाच्या डागासारखी आली.

पूर्वी यासाठी मुंबईची रात्रीची गाडी धरावी लागायची.
आता कोर्ट सीपीआरच्या समोर.
माझा नंबर त्रेचाळिसावा.
तोवर कठड्याचे सांधे बघत बसलो;
तिसरा कुणीतरी घाईत ठोकलाय.

सरकारी वकील म्हणाले, ‘दर तक्त्याप्रमाणं आहे.’
न्यायमूर्तींनी विचारलं, ‘जागेवर कोण गेलं होतं?’
पानं उलटली गेली.
रंध्यासारखा आवाज,
छिलका मात्र एकही पडला नाही.

आदेश रद्द. वसुलीला मनाई.
प्रत्यक्ष पाहणी करून, अर्जदाराचं ऐकून,
बारा आठवड्यांत नव्यानं ठरवा.
बाहेर चहा घेताना विचारलं, ‘जिंकलो?’
बाई म्हणाल्या, ‘सुरुवातीला आलो.’
आणि चहाचे पैसे मला देऊ दिले नाहीत.

मंगळवारी साहेब आले, चिखलात बूट जपत.
रस्त्याच्या बरोबर मध्यावर एक म्हैस रवंथ करत बसलेली.
‘हिला उठवा.’
सर्जेराव म्हणाला, ‘धारंच्या वक्ताला उठंल.’
साहेबांनी घड्याळ बघितलं, म्हैस बघितली,
मग वळसा घालून शेडपाशी आले.
‘पाण्याची खूण कुठाय?’

भिंतींना मीच गेल्या दिवाळीत चुना मारलेला.
चौकटीत वीतभर भोक.
मी पळत घरी गेलो,
पेपर सोडून तुकडा आणला, भोकात दाबला.
बसला.
करवतीनं दोन्हीकडून खाल्लेलं तेवढं
वर उरलं. एक सूत.

साहेब त्या फटीकडं बघत राहिले.
मग त्यांनी टेप काढला,
दुसरं टोक धरायला इकडं तिकडं माणूस शोधला.
मी धरलं.