शेवटचा म

पडद्यावर नाव आलं, राजेश येमूल,
आणि मी अंधारात मोठ्यानं म्हणालो, "म".
पुढच्या रांगेतलं पोरगं वळलं.
"काय बे काका, गप बसा की."

राजेशम आहे ते.
साखर पेठेतल्या चार मागांच्या शेडमध्ये वाढलेलं.
आम्ही त्याला स्पॅनिश म्हणायचो,
कारण गिटार स्पॅनिश होती;
मांडीवर आडवी घ्यायची ती हवाईयन,
ती फक्त बँकेतल्या कुलकर्णीसाहेबांकडं.
सहा तारा, त्यातल्या दोन कायम तुटक्या.
तिसरी तुटली तेव्हा त्यानं फणीची तार लावून बघितली.
वाजली.
टॉवेलासारखी वाजली, पण वाजली.

तीन नंबरचा माग लंगडा होता.
तीन ठोके मारायचा, चौथा गिळायचा.
त्या गिळलेल्या ठोक्यात राजेशमनं एक चाल बसवली,
शब्द नाहीत, नुसतं गुणगुणणं,
आणि मी सुताच्या रिकाम्या डब्यावर साथीला.
त्याचे वडील दारातून ओरडायचे, "चालु रा!"
मला वाटायचं, चालू ठेवा म्हणतायत.
मी आणखी जोरात वाजवायचो.
तेलुगूत चालु म्हणजे पुरे,
हे मला कळायला दोन वर्षं लागली.

मग ऑर्केस्ट्रा. गड्ड्याची जत्रा, बार्शीची लग्नं,
अक्कलकोट रोडवर पहाटे तीनला बंद पडलेला टेम्पो,
स्पीकरवर बसून खाल्लेली कडक भाकरी, शेंगाचटणी.
गाताना तो डोळे मिटायचा.
फोटोवाले वैतागायचे,
नवरीकडचे म्हणायचे, गायक झोपला काय?

जुन्या गिरणीत शूटिंग आलं त्या वर्षी
त्यांना हात हवे होते.
हीरोला गिटार धरता येत नव्हती.
पहिल्या सिनेमात राजेशमचे फक्त हात आहेत,
मनगटापर्यंत, हीरोचं घड्याळ घातलेले.
त्याच्या आईनं ते तीनदा बघितले.
नखांवरून ओळखलं, म्हणाली.

पुढं चेहरा मिळाला.
वॉचमन, हवालदार, कर्ज मागायला आलेला मेव्हणा.
सात सिनेमांत मेला, त्यातल्या चारांत मध्यंतराआधी.
आवाज मात्र दुसऱ्याचा लावायचे,
ह्याच्या बोलण्याला सोलापूरचा हेल म्हणून.
पुण्याच्या आवाजात "अरे, थांब ना" म्हणणारा राजेशम
बघून आम्ही चहाच्या गाडीवर हसून हसून लोळलो.
नंतर कुणी काही बोललं नाही.
गाडीवाल्यानं पैसे घेतले नाहीत, का कोण जाणे.

आज तो म्हातारा गवई झालाय.
पांढरी दाढी चिकटवलेली, मागं समुद्र.
गाणं दुसऱ्याचं. गिटार तर गिटारच नव्हे,
कीबोर्डमधून काढलेली; मला कळतं, मी तेच विकतो आता.
ओठ गाण्याबरोबर बरोबर हलतायत.
पण बोटं?
मी खुर्चीच्या कडेवर आलो.
बोटं त्या गाण्यात नव्हतीच.
ई मायनर, तिथून ए, परत खाली,
आणि उजवा हात तीन मारतोय, चौथा गिळतोय.
तीनशे माणसं बसलेली,
कुणाला ऐकू येत नव्हतं.
मी समोरच्या खुर्चीच्या पाठीवर ठेका धरला.
ते पोरगं उठून दुसरीकडं जाऊन बसलं.

रात्री फोन लावला. मागं कुकरच्या शिट्ट्या.
म्हटलं, तीन नंबरचा माग वाजवलास की बे.
बराच वेळ काही नाही.
मग म्हणाला, तो तर भंगारात गेला,
बाबा होते तेव्हाच.
म्हटलं, मी पुन्हा बसवू का साथ? डबा आहे अजून.
तो हसला, त्याच्या स्वतःच्या आवाजात,
आणि म्हणाला, "चालु रा."

कुठल्या भाषेत, ते विचारायच्या आत
फोन ठेवला त्यानं.
मी डबा माळ्यावरून खाली काढलाय.
आत बायकोची बटणं निघाली.